अर्डलॉयचा वाडगा

१

गोल्फच्या मैदानावर सातव्या होलपाशी रॉरी पेटिग्रूने मोठी काठी खांद्यावर उचलली आणि तो तसाच थांबला.

समुद्रावरून धुकं चढत होतं. आम्ही बघणारे थोडेच होतो आणि आम्हाला एकमेकांचे नुसते आकार दिसत होते. कुणीतरी मागून म्हणालं, "मारतोय की डुलकी लागली?" दोघंतिघं हसले.

रॉरीच्या हातातून काठी गळली. त्याने दोन्ही हात तोंडावर दाबले आणि तो गुडघ्यांवर बसला. मग जो आवाज त्याच्या घशातून आला, तो मला आजही कधीकधी जेवताना ऐकू येतो.

"तोंड... जळतंय... कॉलिन..."

कॉलिन स्ट्रोनाख, त्याच्या जोडीने खेळणारा पोरगा, धावला. त्याने रॉरीचं डोकं मांडीवर घेतलं. "रॉरी, ए रॉरी, अरे काय झालं? डॉक्टरांना बोलवा कुणीतरी! बघत काय उभे राहिलात?"

डॉक्टर आमच्यातच होते. ते वाकले आणि त्यांनी रॉरीचे ओठ उघडून पाहिले. क्लबचे सेक्रेटरी मेजर हॅलिबर्टन छडी टेकत आले. "ऊन लागलं असेल पोराला," ते म्हणाले. त्या धुक्यात.

माझ्या शेजारी एक म्हातारी बाई छातीवर हात ठेवून पुटपुटली, "गिब आला. गिब आला परत."

"गिबला काय कळत नाही का?" हिरवळ राखणारा वॅट डफ म्हणाला. "हा पोरगा अर्डलॉयचा नाहीच. ह्या खेपेला गिबने चुकीचा माणूस धरला."

कुणी हसलं नाही. डॉक्टर उठले आणि त्यांनी रुमालाला हात पुसले. पुष्कळ काळजीपूर्वक पुसले.

"ह्याने शेवटचं काय खाल्लं-प्यायलं?"

सगळ्यांनी कॉलिनकडे पाहिलं. चौथ्या होलवर त्याने आपल्या थर्मासमधला चहा रॉरीला दिला होता. स्वतः प्यायला नव्हता. ते आम्ही सगळ्यांनीच पाहिलं होतं.

"तो थर्मास इकडे द्या," डॉक्टर म्हणाले. "हे दुखणं नाही. विष आहे."

२

मी तिथे का होतो ते सांगायला हवं. शाळेतून निवृत्त झाल्यावर क्लबने मला आमच्या स्पर्धेचा इतिहास लिहायला सांगितलं होतं. मला गोल्फ खेळता येत नाही. माझ्याहून चांगला माणूस मिळाला असता, पण फुकट मिळाला नसता.

अर्डलॉयची स्पर्धा तरुण व्यावसायिकांची आहे. प्रत्येक क्लबच्या दुकानात एक मुख्य व्यावसायिक असतो आणि त्याच्या हाताखाली एखाददुसरा शिकाऊ साहाय्यक. ही पोरं दिवसभर काठ्या घासतात, मुठी बदलतात, सभासदांच्या बायकांना टोले मारायला शिकवतात आणि उरलेल्या उजेडात स्वतः खेळतात. त्यांच्यासाठी एका जहाजमालकाने ही स्पर्धा सुरू केली. जिंकणाऱ्याला दोन कानांचा चांदीचा वाडगा मिळतो. आणि त्याने एक अट घातली होती, जी गावात लहान मुलांनाही पाठ आहे: अर्डलॉयच्याच साहाय्यकाने वाडगा जिंकला, तर अर्डलॉयचं दुकान आणि त्यावरचं घर त्याचं. जुन्या माणसाने बाहेर पडायचं. तरुणांना जागा हवी, असं त्या जहाजमालकाचं म्हणणं होतं. तो स्वतः ऐंशी वर्षांचा होऊन आपल्या खुर्चीत मेला.

असं एकदाच घडलं. टॅम लोगी नावाच्या पोराने वाडगा जिंकला आणि त्याचा उस्ताद गिब मॉफट घराबाहेर पडला. त्या हिवाळ्यात एका धुक्याच्या दिवशी गिबची टोपी खडकांवर सापडली. नंतर गिबही सापडला.

त्यानंतर अर्डलॉयच्या एकाही पोराला वाडगा लाभला नाही. एक ऐन स्पर्धेच्या आदल्या दिवशी दुकानाच्या जिन्यावरून घसरला आणि मनगट मोडून बसला. एकाला पहिल्या दिवशी आघाडीवर असताना पोटाच्या कळा आल्या. एकाच्या आवडत्या काठीचं डोकं टोला मारता मारता उडून गेलं. गाव म्हणायचं, गिब धुक्यात फिरतो, तो अर्डलॉयच्या पोराला जिंकू देत नाही. माझ्या पुस्तकात ह्यावर एक प्रकरण होतं. मला ते गमतीचं वाटत होतं.

स्पर्धेच्या आधी मी दुकानात बसून कामाचं वर्णन टिपत असे. टॅम आता साठीला आला होता. रुंद पाठ, डिंकाने पिवळी पडलेली बोटं. तो आणि त्याचा साहाय्यक कॉलिन समोरासमोर बसून मोठ्या काठ्यांच्या मानेवर काळा मेणाचा दोरा गुंडाळत. लाकडी डोकं आणि दांडा जिथे जुळतात तिथे हा दोरा घट्ट बसला नाही तर काठी फुटते. दोन्ही हात काठी फिरवण्यात गुंतलेले, म्हणून दोऱ्याचं टोक दातांत धरायचं, डाव्या कोपऱ्यात, आणि मान मागे ताणायची. टॅमच्या तिथल्या दाताला खाच पडली होती. कॉलिनच्याही पडू लागली होती.

रिळं खिळ्यांवर टांगलेली असत. एकदा मी दोन्ही रिळं बघायला काढली आणि परत लावली.

"मास्तर!" कॉलिन ओरडला. "ते माझं नाही, ते मिस्टर लोगींचं! माझा खिळा डावीकडचा."

"फरक काय पडतो? दोन्ही काळीच आहेत की."

"फरक काय पडतो म्हणे," टॅम हसला. "मास्तर, रीळ तोंडात जातं. उद्या दुसऱ्याच्या कवळीने जेवाल का तुम्ही? ह्या धंद्यात बायको एक वेळ उसनी मिळेल, रीळ नाही."

"मला तर दोन्ही नाही मिळाली अजून," कॉलिन म्हणाला.

"वाडगा जिंक, मग दोन्ही मिळतील," टॅम म्हणाला. "हे दुकान मिळेल. वरची खोली मिळेल. खिडकीतून गार वारा येतो, तेवढं सांभाळ."

मी विचारलं, "आणि तुम्ही कुठे जाल, टॅम?"

त्याने दोऱ्याचं टोक दातांत धरलं होतं.  मग त्याने टोक सोडलं आणि तो म्हणाला, "चहा टाकू का?"

३

इन्स्पेक्टर रॅटरे शहरातून आला. तरुण, सर्दी झालेला, घाईतला. गोल्फ ह्या प्रकाराचा त्याला मनापासून तिटकारा होता आणि तो त्याने लपवला नाही.

"हिरवळीवरची गांडुळं मारायचं विष कुठे असतं?" त्याने वॅट डफला विचारलं.

"माझ्या खोपटात. किल्ली चौकटीवर असते."

"कुणाकुणाला ठाऊक आहे?"

"चौकटीपर्यंत हात पोचतो त्या सगळ्यांना. मेजरसाहेबांना. टॅमला. ह्या पोरांना. मास्तरांचा नाही पोचणार."

"आणि तुम्ही चारचौघांत म्हणाला होता, की एखाद्या वर्षी गांडुळांबरोबर ह्या साहाय्यकांनाही संपवतो?"

"दर वर्षी म्हणतो," वॅट म्हणाला. "माझ्या हिरवळीवर टाचा घासत चालतात ते. पण संपवायचे तर सगळे संपवेन ना, एकच का?"

मेजरनी सरळ सांगितलं, की कॉलिन पहिल्या दिवसानंतर आघाडीवर होता आणि रॉरी त्याच्या मागोमाग. रॉरी गेला की कॉलिनला वाडगा, आणि वाडग्याबरोबर दुकान आणि घर. नियम तो नियम.

कॉलिनला गाडीत बसवताना मी दुकानाच्या दाराशी होतो. एकोणीस वर्षांचा पोरगा. त्याच्या उजव्या अंगठ्याला पट्टी होती आणि ती तो चाचपत होता, जणू जगात तेवढीच एक गोष्ट दुखत होती.

"मास्तर," तो म्हणाला, "मी नाही हो. माझा मित्र आहे तो. मास्तर, रॉरी मेला तर हे मला फाशी देतील का?"

 टॅमने पुढे होऊन त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "काही होत नाही, पोरा. मी आहे." त्याचे डोळे भरले होते. मी स्वतः पाहिले.

घरी माझी बहीण ग्रिझेल वाट बघत होती. ती विधवा झाल्यापासून माझ्याकडेच राहते आणि माझ्याबद्दल तिला कसलाही भ्रम नाही.

"सूप गार झालं," ती म्हणाली. "पोराने केलं का ते?"

"मला काय माहीत?"

"तुझी तीस वर्षं पोरं ओळखण्यात गेली. खोटं बोलणारा तुला कळत नाही?"

"वर्गात कळायचा," मी म्हणालो. "इथे मला काहीच कळत नाही, ग्रिझेल. मी फक्त इतिहास लिहितोय."

"मग लिही," ती म्हणाली. "पुढचं प्रकरण फाशीचं असेल."



४

थर्मासमध्ये विष निघालं नाही. चहा होता, आणि त्यात रेशनची साखर जरा जास्तच होती. रॅटरेने शिंकत शिंकत कॉलिनला सोडलं, गाव सोडायचं नाही असं बजावून. मेजरनी जाहीर केलं, की शेवटचा दिवस शनिवारी पुन्हा खेळवला जाईल. रॉरी अजून शुद्धीवर आला नव्हता.

सुटल्यावर कॉलिनची अवस्था वाईट झाली. पाववाल्याने त्याला पाव दिला नाही. पोरं त्याला बघून रस्ता ओलांडू लागली. धुकं काही उठेना. आणि धुक्यातून कुणाची तरी पावलं आपल्या मागून येतात असं अर्ध्या गावाला वाटू लागलं होतं. मलाही. मी दोनदा मागे वळून पाहिलं आणि दोनदा मला स्वतःची लाज वाटली.

गुरुवारी मी डॉक्टरांकडे गेलो. निमित्त खोकल्याचं.

"पोरगा कसा आहे?"

"जगेल कदाचित. बोलेल की नाही सांगता येत नाही. एक गोष्ट मला समजत नाही, मास्तर. माणूस काही प्यायला तर ओठ पुढून पोळतात, जीभ मधोमध पोळते. ह्याचं तोंड डाव्या कोपऱ्यात जळलंय. जणू सिगारेट उलटी धरली होती. पण तो सिगारेट ओढत नाही."

तिथून मी कॉलिनला शोधत गेलो. तो पहिल्या होलच्या कुंपणापाशी एकटा बसला होता.

"त्या सकाळी काय काय झालं ते सांग. सगळं."

"सांगितलंय त्यांना."

"त्यांनी काय विचारलं?"

"थर्मासचं विचारलं. चहा कुणी केला, कधी केला."

"मी थर्मासचं विचारत नाही."

त्याने गवत उपटलं. "काही नाही हो झालं. उठलो. काठ्या पाहिल्या. मोठ्या काठीच्या मानेचा दोरा सुटला होता. आदल्या संध्याकाळी तर ठीक होता, पण ह्या दमट हवेत सुटतात. मी रीळ काढलं, पण माझा अंगठा. आदल्या दिवशी पटाशी लागली होती. घट्ट ओढता येईना. रॉरी दारात उभा होता. म्हणाला, आण इकडे, तुझ्या हातून झालं तर पहिल्याच टोल्याला डोकं उडेल आणि मला फुकट जिंकल्यासारखं वाटेल. त्याने गुंडाळून दिला."

"रॉरीने तुझी काठी गुंडाळली?"

"हो. असाच आहे तो. वर मला शिव्याही दिल्या." त्याचा आवाज फुटला. "मास्तर, शनिवारी मी खेळणार नव्हतो. पण मिस्टर लोगी म्हणतात, खेळ, पळालास तर लोक म्हणतील केलंच त्याने. त्यांनी आज सकाळी माझ्या काठ्या तपासल्या. मोठीचा दोरा पुन्हा सैल झालाय म्हणाले. अंगठा बरा झालाय तर स्वतःच नीट गुंडाळ म्हणाले. आता तिकडेच जायचंय."

तो गेला. मी घरी आलो.

ग्रिझेल खिडकीपाशी माझ्या कोटाचं बटण शिवत होती. मी खुर्चीत बसून पुस्तकाचे कागद चाळू लागलो. गिबचं प्रकरण. जिन्यावरून घसरलेला पोरगा. पोटाच्या कळा आलेला पोरगा. उडालेलं डोकं. ज्याचा दोरा कुणीतरी सैल केला असेल. जिना दुकानाचा. जेवण दुकानाच्या वरच्या घरातलं.

वॅट डफ म्हणाला होता, ह्या खेपेला गिबने चुकीचा माणूस धरला.

मी वर पाहिलं. ग्रिझेलने टाका घातला, दोऱ्याचं टोक तोंडाच्या डाव्या कोपऱ्यात धरलं, आणि दातांनी तोडायला मान मागे ताणली.

"सोड!" मी ओरडलो. "तोंडातून काढ तो दोरा!"

५

"वेड लागलं का तुला?" ग्रिझेलच्या हातून सुई पडली. पण माझा चेहरा बघून ती उठली.

मी तिला जमेल तसं सांगितलं. माझे शब्द एकमेकांत अडकत होते.

"विष चहात नव्हतं. दोऱ्याला होतं. कॉलिनच्या रिळाला. दुसऱ्याचं रीळ कुणी तोंडात घालत नाही, म्हणून कॉलिनखेरीज कुणाला धोका नव्हता. आणि कॉलिनला ते वापरायला लावायचं, तर त्याच्या काठीचा दोरा सोडून ठेवायचा. मारायचं होतं कॉलिनला. रॉरीने मैत्रीखातर त्याचं काम केलं, आणि..."

"कुणी?"

"ज्याला कॉलिन जिंकलेला नको होता. मेजर दुकानात पाऊल टाकत नाहीत. वॅटला दोरा कसा धरतात ते ठाऊक नाही."

ग्रिझेल खाली बसली. "टॅम? अरे, तो रडत होता म्हणालास."

"हो. रडत होता." मी कोट चढवला. त्याला एक बटण कमी होतं. "ग्रिझेल, दोरा पुन्हा सैल झालाय. आता तो पोरगा मेला तर गाव काय म्हणेल? मित्राला मारलं आणि मग स्वतः घेतलं. कुणी पुढे विचारणारसुद्धा नाही. तू रॅटरेकडे जा. चहाच्या दुकानात असेल. ओढत आण त्याला."

"आणि तू?"

 मी धावलो. माझ्या वयाला शोभेल एवढंच. धुक्यात कुंपणं दिसेनात. एकदा मी खड्ड्यातल्या वाळूत उतरलो आणि हातापायांवर बाहेर आलो. माझ्या मागून पावलं येत होती, ती माझीच होती, हे मी स्वतःला सांगत राहिलो. मनात एकच विचार होता, की मी चुकत असेन. मी आयुष्यभर चुकत आलोय. देवा, ह्याही वेळी चुकू दे.

दुकानाच्या खिडकीत दिवा होता. मी काचेला तोंड लावलं.

टॅम आपल्या जागी होता. त्याच्या दातांत दोरा होता आणि हात सवयीने काठी फिरवत होते. बाजूला गुंडाळून झालेल्या काठ्यांची रांग उभी होती. समोर कॉलिन बसला होता. गुडघ्यावर काठी, हातात रीळ. अंगठ्याची पट्टी सोडलेली. त्याने दोऱ्याचं टोक मोकळं केलं.

टॅमचे हात थांबले. तो कॉलिनच्या तोंडाकडे बघत होता. मी जन्मात कुणाला कुणाकडे तसं बघताना पाहिलेलं नाही. राग नव्हता त्यात. भीती होती.

६

मी दार ढकललं. काय बोलावं ते ठरवलेलं नव्हतं. कॉलिनचा हात ओठांपाशी पोचला होता. मी पुढे गेलो आणि ते रीळ त्याच्या हातातून काढून घेतलं.

"मास्तर! अहो काय हे?"

टॅमने दातांतला दोरा सोडला नाही. नुसतं माझ्याकडे पाहिलं. मी म्हणू शकत होतो, ह्याला विष आहे. तो म्हणाला असता, असेल, कॉलिननेच लावलं असेल. माझ्याकडे होतं काय? सुटलेलं बटण आणि जुन्या गोष्टी.

आणि मग मी मला जे येतं तेच केलं, आयुष्यात पहिल्यांदा मुद्दाम.

"माफ करा हं," मी म्हणालो. माझा आवाज थरथरत होता, ते बरंच झालं. "माझी परत गल्लत झाली. सकाळी तुम्ही दोघं बाहेर होता, तेव्हा मी आलो होतो. पुस्तकासाठी रिळाचं चित्र काढायला. दोन्ही काढली आणि परत लावताना... मला वाटतं मी अदलाबदल केली. नक्की आठवत नाही. घरी जाऊन लक्षात आलं, म्हणून धावत आलो. तुम्ही रागावता ना रीळ बदललं की."

कॉलिन हसला. कितीतरी दिवसांनी हसला. "हे सांगायला धावत आलात? चिखलात लोळत? आणा ते इकडे. मिस्टर लोगींच्या थुंकीने मी काही मरत नाही."

टॅमच्या तोंडातून दोऱ्याचं टोक खाली पडलं.

त्याने त्याकडे पाहिलं. ओल्या, काळ्या टोकाकडे. मग गुंडाळलेल्या काठ्यांच्या रांगेकडे पाहिलं. त्याची जीभ दाताच्या खाचेकडे गेली, आणि तिथेच थांबली.

"किती वाजता?" तो म्हणाला.

"काय?"

"मास्तर, किती वाजता आला होता?"

"तुम्ही कामाला बसायच्या आधी," मी म्हणालो.

काठी त्याच्या हातून सुटली. तो कोपऱ्यातल्या बादलीकडे गेला, आधी चालत, मग धडपडत. गुडघ्यांवर बसून त्याने ओंजळी तोंडात घातल्या, थुंकला, पुन्हा घातल्या. घशात बोटं खुपसली. तो एवढा मोठा माणूस उलट्या करत रडत होता.

"डॉक्टर," तो म्हणाला. "डॉक्टरांना बोलवा. कॉलिन, पळ. पोरा, पळ ना!"

कॉलिन उठून उभा राहिला होता. "मिस्टर लोगी? काय होतंय तुम्हाला?"

"डॉक्टर कशाला, टॅम?" मी विचारलं. "मेणाचाच दोरा आहे ना?"

त्याने बादलीतून तोंड वर केलं. हनुवटीवरून पाणी गळत होतं. दारात ग्रिझेल उभी होती आणि तिच्या मागे रॅटरे, रुमाल नाकाला लावलेला. त्याने सगळं पाहिलं होतं. टॅमला मात्र ते दोघं दिसलेच नाहीत. तो माझ्याकडेच बघत होता.

"खरंच बदललं होतं, मास्तर?"

"नाही. सकाळी मी घरीच होतो."

कॉलिनने माझ्या हातातल्या रिळाकडे पाहिलं. मग आपल्या बोटांकडे. मग हळूहळू, जणू कुणाला कळू नये अशा बेताने, त्याने ती बोटं पाटलोणीला पुसायला सुरुवात केली आणि पुसतच राहिला.

टॅम भिंतीला टेकून बसला. बोलला तो कॉलिनशीच.

"तुझ्यावर राग नव्हता, पोरा. कुणावरच नव्हता. आधीच्या पोरांचं नुसतं थोडंथोडंच केलं. मनगट, पोट. तू काही त्याने थांबणारा नव्हतास. फार चांगला खेळतोस." त्याने ओठ पुसले. "गिबची गादी ह्या जिन्यावरून मीच खाली आणली. हातगाडीवर मीच चढवली. मला म्हणाला, खिडकीतून गार वारा येतो, तेवढं सांभाळ. तेव्हापासून मी ह्या घरात एक दिवस सुखाने झोपलो नाही. दर वर्षी वाटायचं, आता हातगाडी येणार."

दोऱ्याला विष होतं, हे नंतर सरकारी तपासणीत सिद्ध झालं आणि टॅम तुरुंगात गेला. रॉरी जगला. त्याचा आवाज मात्र परत आला नाही. आता तो कुजबुजल्यासारखं बोलतो आणि आपणच खेळाडूंना गप्पांना विषय पुरवला म्हणून हसतो. शनिवारचा खेळ सप्टेंबरात झाला. कॉलिनने वाडगा जिंकला. मी मेजरना लाजतबुजत सुचवलं होतं, की ती अट आता काढून टाकावी. "अट जहाजमालकाची आहे, मास्तर," ते म्हणाले. "आम्ही कोण काढणार?" दुकान कॉलिनला मिळालं. वरचं घरही.

माझं पुस्तक छापून आलं. गिबचं प्रकरण मी गाळलं. धुक्यात त्याची पावलं ऐकू येतात असं आता कुणी म्हणत नाही.

त्याला बरीच वर्षं झाली. कॉलिनचं लग्न झालंय, केस विरळ झालेत, हाताखाली एक साहाय्यक आहे, लाल कानांचा, सतत शीळ घालणारा. गेल्या आठवड्यात मी तिथे गेलो होतो. स्पर्धा जवळ आली होती. दोघं समोरासमोर बसून काठ्या गुंडाळत होते. भिंतीवर दोन खिळे आहेत. एकावर पोराचं रीळ होतं. दुसरा रिकामा.

कॉलिनने आपलं रीळ बंडीच्या आतल्या खिशातून काढलं. दिव्याखाली धरून पाहिलं. दोऱ्याचं टोक त्याने बुटाखाली दाबलं आणि कामाला लागला.

"दातांत धरलं तर जास्त घट्ट बसतं, उस्ताद," पोरगा म्हणाला.

"बसतं," कॉलिन म्हणाला.

मी काहीतरी बोलायचं म्हणून विचारलं, "पोरगा कसा खेळतो?"

पोराने टोक दातांत धरून मान मागे ताणली. कॉलिनचे हात थांबले. तो त्या पोराच्या तोंडाकडे बघत होता.

"चांगला," तो म्हणाला. "फार चांगला."